तीन वर्षांच्या आत

फेब्रुवारीतला दुसरा शनिवार, सकाळी अकरा. हजर: मालक, हिशेबनीस, फोरमन आणि मी. गैरहजर: यादीतले बाकी सगळे. ते खाली मशीनवर होते आणि वर त्यांच्याबद्दल काय ठरतंय हे त्यांना माहीत नव्हतं.

आमचा कारखाना नागपूरजवळ, कळमेश्वरच्या औद्योगिक वसाहतीत आहे. पुठ्ठ्याची खोकी बनवतो. साबणाची, बिस्किटांची, ज्याची ऑर्डर येईल त्याची. हजेरी, पगार, रजा आणि लोकांचे कागद मी बघते. सक्करदऱ्याहून रोज कंपनीच्या गाडीनं जाते-येते आणि या जाण्यायेण्याला आता बावीस वर्षं झाली. मला यादीशिवाय काम सुचत नाही. भाजीला निघाले तरी चिठ्ठी लागते. त्या दिवसाची यादीही मीच केली होती. नोकरीला लागल्याच्या क्रमानं, सगळ्यात जुना सगळ्यात वर.

मालकांना छपाईचं नवं मशीन घ्यायचं होतं आणि त्यासाठी बँकेचं कर्ज हवं होतं. बँकेनं विचारलं की तुमच्याकडे जुने लोक बरेच दिसतात, तर येत्या तीन वर्षांत ग्रॅच्युइटीपोटी किती रक्कम बाहेर जाईल, ते नावानिशी कळवा. हिशेब अवघड नाही. शेवटच्या मूळ पगाराला सव्वीसनं भागायचं, पंधरानं गुणायचं आणि आलेल्या आकड्याला नोकरीच्या वर्षांनी गुणायचं. आमच्याकडे हे सगळ्यांना पाठ आहे. पगाराच्या दिवशी खिडकीपाशी येऊन कोणी ना कोणी विचारतोच, "मॅडम, आज मेलो तर किती?" मी आकडा सांगते. तो मागच्याला म्हणतो, "घे, तुझी वहिनी श्रीमंत होते." सगळे हसतात, मी सही घेते.

फोरमननं मात्र हे कधीच विचारलं नाही. त्याची एकतीस वर्षं झालीत, आणि साठीला अजून चार बाकी. गोदामामागच्या कंपनीच्या खोलीत तो, त्याची बायको आणि पोरगी राहतात. बायकोनं मागं जाळी बांधून कोंबड्या पाळल्यात. गावचं घर भावानं घेतलं, नागपुरात त्यानं कधी काही घेतलं नाही. साठीपर्यंत ही खोली आहे, तोवर पोरीचं शिक्षण आटपतं, मग बघू, असा त्याचा सरळ बेत. हा बेत तो मला इतक्यांदा सांगून चुकला होता की मलाही तो पाठ होता.

तर बैठक. कागदावर दोन रकाने. 'तीन वर्षांच्या आत' आणि 'नंतर'. वय झालेला कोण ते यादीच सांगते. बाकीच्यांचं, म्हणजे कोण सोडेल, कोण आजारानं घरी बसेल, कोण मरेल, हे बसून ठरवायचं होतं. फोरमनला त्यासाठीच बोलावलं होतं. माणसांची आतली खबर त्याच्याइतकी कोणालाच नसते.

पहिलंच नाव त्याचं निघालं.

मालकांनी कागद पाहिला, मग त्याच्याकडे पाहिलं. "काकाजी, जरा चहा सांगून या ना. चार कट. एक बिनासाखरेचा."

"हाव, सांगतो ना. पन मी येतवर सुरू नोका करू. तुमाले कोनाचं काय समजते?"

तो जिना उतरला. मालक म्हणाले, "हां, बोला."

हिशेबनीस तयारीनं आले होते. "जुलैत पगारकरार आहे. यांचा मूळ पगार हजारानं जरी वाढला तरी तो हजार एकतीस वर्षांवर लागतो. पुढच्या वर्षी बत्तीस वर्षांवर. वाढीच्या आधी गेलेले बरे."

"नव्या मशीनचा ऑपरेटर तर मशीनवालेच देणार," मालक म्हणाले. "मग काकाजी काय करतील? कोंबड्या पाळतील?"

"त्या तर आत्ताच पाळून राहिले."

दोघं हसले. मी म्हटलं, "त्यांना साठीला चार वर्षं आहेत. ते 'नंतर'मध्ये येतात."

"मॅडम, हा अंदाज आहे ना? मग अंदाजच लिहा. आत. याच वर्षी."

मी लिहिलं. जिन्यावर पावलं वाजली तसं हिशेबनीसांनी दुसरं नाव वाचलं. वॉचमन. तो मार्चअखेर साठ पूर्ण करणार होता, त्यामुळे त्याच्यात बोलण्यासारखं काही नव्हतं.

तिसरा डिंकाच्या मशीनवरचा. चहाचा पेला हातात धरून फोरमन खुर्चीवर पुढे सरकला. "त्याचं लिव्हर सडलं बाप्पा. डोये पाहा त्याचे, हयदीवानी पिवये. दिवाळी पाहत नाई तो."

"पक्कं?" मालकांनी विचारलं.

"आता मी का यमाचा कारकून हाओ? पन पक्कं. आत लिवा, बाई. पेन्सिलनं काहून लिवता? पेनानंच लिवा."

मालक इतके हसले की त्यांच्या पेल्यातला चहा बशीत सांडला. मीही हसले होते.

चौथी कटिंगवरची बाई. तिचा मुलगा मौद्याच्या वीज केंद्रात ठेकेदाराकडे लागला होता आणि आईला तिकडे नेणार म्हणून तिनं सगळ्यांना पेढे वाटले होते. हिशेबनीस म्हणाले, "ही जाईल."

"ते? ते कुठी जाते गा! सून उंबरठा वलांडू देत नाई तिले. मांगं गेल्ती तं दोन दिवसात परत आली, अन् इथं सांगते का तिकडचं पानी सोसत नाई. लिवा नंतर. ते साठ होईस्तोवर पुठ्ठेच कापते."

पेढे त्यानंही खाल्ले होते.

पाचवं नाव हिशेबनीसांचं. त्यांनी ते वाचलं आणि थांबले. मालक म्हणाले, "साहेब, चहा सांगता का अजून?"

पहिल्या चहाचे पेले अर्धे भरलेले होते. हिशेबनीस कॅल्क्युलेटर टेबलावरच ठेवून उठले आणि गेले. फोरमन आधी हसला. मग त्याचं हसू तोंडावर तसंच राहिलं आणि नजर दाराकडे गेली, रिकाम्या खुर्चीकडे आली, तिथून माझ्या कागदावर. कागदावर माझा हात आडवा होता. त्याच्या ध्यानात काय आलं ते मला सांगता येत नाही. पण त्यानंतर तो बोलला ते आधीपेक्षा जोरात.

"यायचं बायपास झालं, हे खरं. पन हे नाई जात. यायले तुमच्या घरचं सारं मालूम हाये, मालक. यायले तुमी तं सोडा, देव बी हात नाई लावत."

या खेपेला मालक हसले नाहीत. "नंतर," ते म्हणाले.

सहावं, सातवं झालं. आठवं माझं होतं. मला सांगावं लागलं नाही. मी आपणहून उठले.

फाटकासमोरचा चहावाला म्हणाला, "मॅडम, आज काय हाये वर? तिसरी खेप. कोनाची सोयरीक जुळून राहिली का?" मी म्हटलं, "चार कट." नंतर तिथल्या बाकावर बसले. वर माझं आटपायला जितका वेळ लागेल तितका वेळ बसावं म्हणून बसले. पण त्यांचं आटपलं होतं. वर गेले तेव्हा ते नववं संपवून दहाव्यावर आले होते.

माझ्या ओळीत हिशेबनीसांचं अक्षर होतं. 'नंतर'. पुढे शेऱ्यात: कौटुंबिक जबाबदारी नाही. पुढचं नाव मी माझ्या अक्षरात लिहिलं आणि काम पुढे नेलं.

शेवटचं नाव झाल्यावर फोरमननं पेला ठेवला. "अन् माह्यापुढं काय लिवलं वं बाई?"

मी मालकांकडे पाहिलं. ते मोबाइलमधून मान वर न करता म्हणाले, "काकाजी, तुमच्याशिवाय कारखाना चालतो काय?"

"तेच तं म्हनतो मी," फोरमन म्हणाला आणि पेले गोळा करून खाली गेला. तो कधी पेले नेत नाही.

संध्याकाळी गाडीत हिशेबनीस माझ्या शेजारी बसले. कोराडी नाक्यापर्यंत कसेबसे गप्प राहिले. मग म्हणाले, "सांगू नये, पण सांगतो. शेरा मी सभ्य लिहिला. तुमच्याबद्दल फोरमन म्हणाला, 'बाई कुठी जाते? घरी कोन हाये वाट पाहाले? मेली तं इथंच मरन, हजेरीच्या टेबलावर. अन् दुसऱ्या दिवशीची हजेरी लावून मरन.'" आणि स्वतःच हसले. "म्हणाला, इतकं खात्रीचं नाव यादीत दुसरं नाही."

मी खिडकीबाहेर पाहिलं. घरी गेल्यावर कुकर लावला, दुसऱ्या दिवशीची चिठ्ठी केली.

बँकेनं कर्ज मंजूर केलं. मार्चअखेर वॉचमनला शाल-नारळ दिला. एप्रिलच्या मध्यात डिंकाच्या मशीनवरचा गेला. दवाखान्यातून फोन आला तेव्हा फोरमन माझ्या टेबलाशीच उभा होता. "म्या म्हनलं नव्हतं?" तो म्हणाला. "दिवाळी म्हनलं होतं. पट्ठ्या घाई करून गेला." मग जाऊन त्यानंच लाकडांची सोय केली, तिरडी बांधली, खांदा दिला. दोन्ही गोष्टी मी पाहिल्या. त्यातली कोणती खरी हे ठरवणं माझ्या कामात येत नाही.

त्या माणसाची बायको तेराव्यानंतर कागद घेऊन आली. एरवी अशा हिशेबाला आमच्याकडे दिवस लागतात. जुनी हजेरी काढायची, वर्षं मोजायची, हिशेबनीसांकडून तपासायचं. या खेपेला आकडा फेब्रुवारीपासून तयार होता. मी फाइल उघडली, मालकांची सही घेतली आणि अर्ध्या तासात चेक तिच्या हातात दिला. तिनं तो उलटसुलट करून पाहिला.

"इतक्या लवकर?" ती म्हणाली. "शेजारीनचा नवरा सरकारीत होता, तिले वरीस लागलं. तुमी का आंधीच मोजून ठेवले होते?"

"इथे सही करा," मी म्हटलं.

मेच्या शेवटच्या आठवड्यात मालकांनी मला बोलावलं. त्यांच्यापुढे फेब्रुवारीचा तोच कागद होता आणि 'याच वर्षी' असं लिहिलेल्या तीन नावांपैकी दोन नावांवर हिरवी खूण होती.

"अंदाज बरोबर येऊन राहिला, मॅडम. एकच बाकी आहे."

"ते गेलेले नाहीत," मी म्हटलं.

"म्हणूनच बोलावलं. अर्ज घ्या त्यांच्याकडून. वैयक्तिक कारणानं, स्वखुशीनं. जूनअखेरची तारीख टाका. खोलीची किल्ली आली की चेक."

"खोलीसाठी चेक थांबवता येत नाही. कायदा तसा नाही."

"कायदा मला नका सांगू. अर्ज तेवढा घ्या. तुमचं ऐकतात ते."

"आणि नाही दिला तर?"

"तर नव्या मशीनच्या शेडमध्ये झाडू मारायला लावतो. मग देतील." मालकांनी हिरव्या पेनाला झाकण लावून ते खिशात ठेवलं. "पण तुम्ही घेऊनच याल. त्यांना वाईट वाटू देऊ नका फक्त."

अर्ज मी स्वतः टाइप केला. पाच ओळींचा आहे. खाली नाव, हुद्दा, सहीची जागा. मला फोरमनची दया येत होती असं लिहिलं तर ते पूर्ण खरं होणार नाही. कागद प्रिंटरमधून बाहेर येत होता तेव्हा हजेरीच्या टेबलाचं ते वाक्य माझ्या डोक्यात होतं, आणि टाइप करताना माझी एकही चूक झाली नव्हती.

काल, जूनच्या दुसऱ्या शनिवारी, दुपारी तो वर आला. कूलरसमोर उभा राहून शर्टाची वरची बटणं सोडली. मी अर्ज टेबलावर पालथा केला. त्याच्या हातातही एक कागद होता, पोरीच्या वहीचा फाडलेला.

"बाई, हे मंजूर करून द्या. खोलीले चुना माराचा हाये. भिती साऱ्या खरबडल्या. मांगची जाळी बी बदलाची, मुंगूस घुसते अन् कोंबड्या नेते. चार वर्सं काढाची हायेत आजून तिथं, पडक्यात थोडी काढतो?"

मी कागद घेतला. चुना, ब्रश, जाळी, खिळे. सामान ओळीनं लिहिलेलं होतं, माझ्यासारखंच.

"बघते," मी म्हटलं.

तो गेला नाही. पालथ्या कागदाकडे बोट केलं. "ते काय हाये?"

"बँकेचं."

"आजून बँकेचंच?" हात लांब केला असता तर कागद त्याच्या हाताला लागला असता, तेवढाच तो लांब होता. त्यानं बटणं लावली. "सोमवारी हा ना तुमी? सोमवारी येतो. म्हना, तुमी कुठी जाता!"

जिन्यावरून त्याचा हसण्याचा आवाज खालपर्यंत गेला. हाक मारली असती तर तो परत आला असता. पेनही माझ्या हातात होतं.

सोमवारची चिठ्ठी केली आहे. कूलरचं गवत बदलून घेणे. कटिंगवरच्या बाईची रजा भरणे. चुन्याचा कागद मालकांकडे नेणे की न नेणे, हे विचारणे. फोरमनच्या अर्जावर सही घेणे. ही शेवटची ओळ मागच्या सोमवारच्या चिठ्ठीतून उतरवली आहे आणि त्याच्या आधीच्याही.