देवांच्या डब्यातली गोळी

माझा काका अमेरिकेत कमरेला पिस्तूल लावून फिरतो. शर्टाच्या आत, उजव्या बाजूला. कोणाला दिसत नाही, आणि दिसत नाही हेच त्याला चारचौघांना सांगायचं असतं. आला त्या दिवशी बॅगा अजून दारातच होत्या, आईने पाण्याचा ग्लास पुढे केला, तर हा कमरेवर थाप मारून म्हणतो, "कसं हलकं हलकं वाटतंय आज. गन नाही ना."

आई म्हणाली, "चहा ठेवू?"

काका म्हणजे बाबाचा मोठा भाऊ. मूळचे आम्ही नाशिकचे. तो टेक्सासला सॉफ्टवेअरमध्ये आहे आणि बाबा इकडे कुवेतमध्ये, शुऐबाच्या एका केमिकल प्लांटवर इंजिनिअर. मंगाफला आमचा फ्लॅट, माझा जन्म इथलाच. काका-काकू नाशिकला जाताना मध्ये चार दिवस आमच्याकडे उतरले होते. आणि त्या चार दिवसांत मला त्या पिस्तुलाबद्दल जेवढं कळलं ना, तेवढं मला माझ्या सख्ख्या मैत्रिणींबद्दल माहीत नाही.

फहाहीलला डोसा खायला नेलं तर हा भिंतीला पाठ लावून, दाराकडे तोंड करूनच बसणार. का? तर कोण येतं-जातं त्यावर नजर हवी! कोण येत होतं? स्ट्रोलर ढकलणाऱ्या बायका येत होत्या. एक मल्याळी कुटुंब केक घेऊन आलं. काका सांबार गार होऊ देऊन त्या केकवर नजर ठेवून. मी काकूला हळूच विचारलं, कधी झालाय का गं याच्यावर हल्ला? ती म्हणाली, एकदा झाला. रॅकून आला होता, ते मांजराएवढं जनावर, कचऱ्याचा डबा उलटा करून गेला. त्यालाही हा खिडकीतूनच ओरडला.

आणि तो नकाशा! त्याच्या फोनमध्ये एक अ‍ॅप आहे, त्यात अमेरिकेचा नकाशा, काही राज्यं हिरवी, काही लाल. हिरवं म्हणजे तिथे याचं टेक्सासचं परमिट चालतं, लाल म्हणजे चालत नाही. कुठल्या राज्याने कुठल्या राज्याचा कागद मानायचा, हे तिथे ज्याचं त्याने ठरवायचं. त्याला म्हणतात रेसिप्रॉसिटी. हा शब्द काका डोळे मिटून म्हणतो.

"म्हणजे नाशिकचा परवाना सुरतेला चालेल का, तसं?" मी विचारलं.

"एक्झॅक्टली! पण तसं नाही. हा आमचा हक्क आहे, हक्क."

मग त्याने कॅलिफोर्नियाची गोष्ट सांगितली. त्याचा मुलगा तिथे शिकतो, त्याला भेटायला हे दोघं गाडीने गेले. टेक्सास हिरवं, न्यू मेक्सिको हिरवं, अ‍ॅरिझोना हिरवं, आणि मग कॅलिफोर्निया, लालभडक. तर अ‍ॅरिझोनाच्या शेवटच्या पेट्रोल पंपावर थांबायचं, पिस्तूल रिकामं करायचं, कुलपाच्या पेटीत घालायचं, पेटी डिकीत. पानिपतावरून परत आल्यासारखा सांगत होता.

"आणि तिथून पुढे?" मी म्हटलं.

"पुढे काय?"

"पुढे तुझं रक्षण कोण करतं?"

"मी," काकू म्हणाली. ती मटार सोलत होती, मानसुद्धा वर केली नाही.

मी इतकी हसले की बाबाने माझ्याकडे डोळे वटारले. बाबाला दादासमोर कोणी हसलेलं चालायचं नाही. हा माणूस प्लांटवर मोठमोठ्या व्हॉल्व्हांशी भांडतो, पण दादा आला की ह्याची पाठ आपोआप वाकते. 'हो दादा.' 'बरोबर दादा.' तीन दिवस मी तेच ऐकत होते आणि खरं सांगते, मला काकापेक्षा बाबाचाच जास्त राग येत होता.

कारण आमचा नकाशा काय रंगाचा आहे, हे बाबाला चांगलं माहीत होतं. आई नाशिकला शाळेत शिकवायची. तिच्या बी.एड.च्या सर्टिफिकेटवर मुंबईचा शिक्का, दिल्लीचा शिक्का, वकिलातीचा शिक्का, इथला शिक्का, आणि एवढं करून कोणी मानलं नाही ते नाहीच. ती घरात ट्यूशन घेते. बाबाने भारतात ट्रकसुद्धा चालवलेला, इथे पहिल्यापासून टेस्ट दिली, त्यात नापासही झाला. मी इथे जन्मले, इथे वाढले, तरी इथे राहायचा माझा कागद दुसऱ्या कोणाच्यातरी सहीवर. आणि हा माणूस चार राज्यांत पँटमध्ये पिस्तूल खोचता येतं म्हणून डोळे मिटतो!

असो. गोष्ट शुक्रवारची आहे. सुट्टी होती आणि बाबा त्यांना खैरानला समुद्रावर नेणार होता.

काकू कुठेही गेली की तिचे देव बरोबर असतात. स्टीलचा एक गोल डबा, त्यात पितळेचा बाळकृष्ण, अन्नपूर्णा, छोटी घंटा, निरांजन, खाली वातींचं बंडल. तो डबा तिने आमच्या देवघरासमोर ठेवला होता. त्या सकाळी ती न्हायला गेली, तर आई म्हणाली, चला, मीच आटपते दोघींची पूजा. मी नमस्कार करायला गेले. आमचे देव, काकूचे देव, सगळे कसे चकचकीत. आणि अन्नपूर्णेच्या शेजारी बोटाच्या पेराएवढं काहीतरी उभं. पितळेचं, टोकाला तांबूस, गोलसर. त्याला हळदकुंकू लावलेलं. पुढे अक्षता. वर बाल्कनीतल्या तुळशीचं पान.

"आई, हे काय आहे?"

"काय की बाई. वहिनींच्या डब्यात होतं, वातींच्या खाली. तिकडच्या कुठल्या महाराजांचं असेल."

"आई, ही गोळी आहे."

"कसली?"

"बंदुकीची! जिवंत! आई, ही जिवंत गोळी आहे!"

आईने आधी हात मागे घेतला, मग पदर शोधला. ड्रेस घातलेला असताना. मग म्हणाली, "अगं, मी तिला दुधाने आंघोळ घातली."

मला हसू आलं होतं, पण तेवढ्यात बाबा आला. त्याने पाहिलं आणि तो तिथेच देवघरासमोर खाली बसला. मग माझं हसू गेलं. इथे विनापरवाना एक गोळी घरात सापडली तर आधी तुरुंग आणि मग विमान. बाबाची नोकरी, त्याचा इकामा, म्हणजे इथे राहायची परवानगी, आणि त्या इकाम्यावर आई, घर, गाडी, सगळंच. एका पेरात उभं होतं ते सगळं, तुळशीपत्र लावून.

काका दात घासत आला. "अरे! देअर इट इज!" हरवलेलं पेन सापडावं तसा! तोंडातला फेस पुसत त्याने सांगितलं, तीच ती, अ‍ॅरिझोनाच्या पंपावरची. पिस्तूल रिकामं करताना आत चढवलेली एक गोळी बाहेर काढावी लागते. काकूने प्रवासात अंगारा लावायला डबा उघडा ठेवला होता, म्हणून ह्याने ती सेकंदभर त्यात ठेवली. सेकंदभर! तिथून ती टेक्सासला परत गेली, मग बॅगेत बसून दोन विमानतळांच्या मशीनखालून आमच्या देवघरापर्यंत आली. पितळेच्या देवांमध्ये पितळेची गोळी, मशीनला काय कळणार? लपवून शस्त्र बाळगायचं लायसन्स असलेल्या माणसाने आयुष्यात एकदाच काहीतरी खरोखर लपवलं होतं, आणि तेही त्याला माहीत नव्हतं.

"रिलॅक्स, छोट्या," तो बाबाला म्हणाला. "एक राउंड आहे. कचऱ्यात टाक."

"दादा, खालचा वॉचमन आमचा कचरा उघडतो. कॅन वेचून विकतो तो. जलीबला, मजुरांच्या वस्तीत राहतो, एका खोलीत पुष्कळ जण. त्याच्याजवळ सापडली तर?"

"मग तो त्याचा प्रॉब्लेम ना."

काकू ओल्या केसांनी दारात उभी होती. ती फक्त "अहो" म्हणाली, आणि ते 'अहो' मी जन्मात विसरणार नाही, त्यात इतकी किळस होती.

बाबा म्हणाला, "चौकीत जाऊन सरळ सांगू का?"

"काय सांगाल?" आई म्हणाली. "दुधाने आंघोळ घातली म्हणून?"

"नो वे," काका म्हणाला. "माझं नाव येईल. माझं परमिट जाईल, कळतंय का तुला?"

परमिट जाईल! आमचं घर जायची वेळ आणि ह्याला परमिटची काळजी.

मग ठरलं की खैरानला जायचंच आहे, तर खोल पाण्यात टाकून द्यायची. प्रश्न एवढाच होता की तिथपर्यंत ती न्यायची कोणी. रस्त्यात कधीकधी पोलीस गाड्या थांबवतात. आम्ही सगळ्यांनी साहजिकच काकाकडे पाहिलं. आयुष्यभर हेच तर करत आलाय हा माणूस! गोळ्या घेऊन हद्दी ओलांडायच्या!

"मी? नो नो. मी इथे फॉरेनर आहे."

"मग मी कोण आहे?" बाबाने विचारलं.

"तसं नाही रे. हिच्या पर्समध्ये ठेवा ना," तो आईकडे बोट करून म्हणाला. "बायकांना इथे तपासत नाहीत."

बाबा उठला. त्याने गोळी उचलली, आईने ओढणीने तिचं हळदकुंकू पुसलं, आणि बाबाने ती पँटच्या खिशात टाकली. 'हो दादा' म्हणाला नाही. मला तेव्हाच कळायला हवं होतं.

गाडीत काका पुढे, आम्ही तिघी मागे. शुऐबाच्या प्लांटच्या चिमण्या मागे गेल्या. काका विचारत होता, ही ज्योत कसली, ती टाकी कसली. बाबा स्टिअरिंग नवीन शिकल्यासारखं दोन्ही हातांनी धरून बसला होता. आणि पुढे रस्त्यात पिवळे-लाल बॅरल दिसले. चेकपोस्ट.

तरुण पोलीस होता, गॉगल घातलेला. बाबाने आमची तिघांची ओळखपत्रं दिली. काकाला पासपोर्ट मागितला. आता ऐका. टेक्सासमध्ये म्हणे नियम आहे, कमरेला पिस्तूल असताना पोलिसाने ओळखपत्र मागितलं की परमिटही दाखवायचं. हाताला सवय झालेली. ह्याने पासपोर्ट दिला, आणि पाकिटातून परमिटचं कार्ड काढून त्यावर ठेवून दिलं.

पोलिसाने कार्ड उलटसुलट केलं. "हे काय?"

"माय लायसन्स," काका म्हणाला. "फॉर हँडगन."

देवाशपथ, तो हसत होता! छाती पुढे काढून! मागे काकूने माझा हात इतका दाबला की तिची बांगडी माझ्या मनगटात रुतली. पोलिसाने गॉगल वर केला.

"हँडगन? कुठे आहे?"

आता काकाला कळलं. कमरेवर जाणारा तो उजवा हात, तो मांडीखाली गेला. भिंतीला पाठ लावून बसणारा माणूस सीटमध्ये विरघळत होता. पोलीस खिडकीतून वाकून आत बघायला लागला, आणि बाबाचा खिसा त्याच्यापासून हातभरसुद्धा लांब नव्हता.

बाबाने त्याच्याकडे तोंड वळवलं. प्लांटवर कामगारांशी बोलतो त्या मोडक्यातोडक्या अरबीत, अगदी शांतपणे, तो म्हणाला, "माझा मोठा भाऊ. अमेरिकेहून आलाय. बंदूक तिकडे, घरी. इकडे फक्त कार्ड." मग डोक्याला बोट लावलं. "मेंदू पण तिकडेच."

पोलीस एक क्षण बघत राहिला. मग हसला, दातांसकट. कार्ड काकापुढे नाचवत इंग्लिशमध्ये म्हणाला, "अंकल, कुवेतमध्ये नो गुड," आणि बाकाल्यात, म्हणजे इथल्या वाण्याच्या दुकानात, सुट्टे पैसे परत द्यावेत तसं ते त्याच्या मांडीवर टाकलं. जा म्हणून हात केला.

बरंच पुढे गेल्यावर काकाने विचारलं, "काय सांगितलंस त्याला?"

"खरं ते सांगितलं," बाबा म्हणाला.

खैरानला वारा होता. बाबा पाण्यात गुडघ्यापर्यंत गेला, हात फिरवून गोळी फेकली, आणि ती जेमतेम चार हातांवर पडली. उथळ, स्वच्छ पाणी, वाळूत चकाकताना आम्हाला काठावरून दिसत होती.

"फॉलो थ्रू नाही केलंस," काका ओरडला. "खांद्यातून फेकायचं! थांब, मी येऊ का?"

"गप्प बसा हो," काकू म्हणाली. "आता तरी."

बाबा वाकला, चाचपून ती पुन्हा उचलली आणि कपड्यांसकट छातीभर पाण्यापर्यंत चालत गेला. ह्या माणसाला पोहता येत नाही. आई काठावर उभी राहून ओढणीचं टोक चावत होती. त्याने हात पाण्याखाली नेला आणि फेकलीच नाही, नुसती सोडून दिली. मग परत वळला.

परतताना तेच बॅरल लागले. बाबाच्या पँटमधून सीटवर पाणी गळत होतं. काकाचा हात आपोआप पाकिटाकडे गेला.

"दादा," बाबा रस्त्यावरची नजर न काढता म्हणाला, "फक्त पासपोर्ट."

काकाने पाकीट आत ठेवलं आणि पासपोर्ट हातात धरला. पोलिसाने आमच्याकडे पाहिलंही नाही, हातानेच पुढे जा म्हणाला. मंगाफ येईपर्यंत काका तो पासपोर्ट तसाच छातीशी धरून बसला होता. आत ठेव म्हणून त्याला कोणी सांगितलं नाही. बाबानेही नाही.