दहावं गाणं

चष्म्याच्या दुकानातल्या मागच्या खोलीत ती काचा घासायची. फ्रेममध्ये नेमकी बसेल अशी काच फिरत्या चाकावर धरायची, कडा घासायच्या, पाण्यात बुडवून उजेडात बघायची. चाकाच्या घरघरीत ती आईकडून ऐकलेल्या जुन्या चाली गुणगुणायची, त्यांत स्वतःचे शब्द भरायची. मालक म्हणायचा, "बाई, नंबर चुकला तर गिऱ्हाईक गाण्यावर समाधान मानणार नाही हं!" नंबर कधी चुकला नाही.

चाळिशीत तिनं पहिला अल्बम काढला. मागे कंपनी नाही, कुणी नाही. एका ओळखीच्या रेकॉर्डिस्टचा दोन खोल्यांचा स्टुडिओ, एक गिटार आणि ती. त्यातलं एक गाणं चाललं. ते दादावर होतं, तिच्या थोरल्या भावावर. दारू पिऊन तो जिन्यातच पडायचा, आणि वहिनी त्याच्या अंगावर पांघरूण टाकून मुकाट वर जायची. गाण्यात नाव नव्हतं. पण गाण्यातल्यासारखा शाळेची बस चालवणारा लंगडा माणूस त्या भागात एकच होता.

लिहिलं तेव्हा गाणं खरं होतं. बाहेर आलं तेव्हा दादानं दारू सोडून आठ महिने झाले होते. हे तिला ठाऊक होतं. ओळी फार छान जमल्या होत्या, म्हणून तिनं त्या तशाच ठेवल्या.

पालकांनी गाणं ऐकलं आणि शाळेनं दादाकडून बसच्या किल्ल्या काढून घेतल्या.

तो थेट दुकानात आला. "बंद कर ते चाक."

तिनं चाक थांबवलं.

"आठ महिने थेंबाला शिवलो नाही. तुला एक ओळ बदलता आली नाही?"

"दादा, मी जाऊन सांगते त्यांना."

"काय सांगशील? खोटं आहे म्हणून? खोटं कुठंय ते. शिळं आहे."

ती तरीही गेली. मुख्याध्यापिकेनं सगळं ऐकून घेतलं, गाण्याचं तोंडभरून कौतुक केलं आणि बसवर नवा माणूस घेतल्याचं सांगितलं.

दादानं महिनाभर दम धरला. मग पुन्हा बाटली जवळ केली. दोन वर्षांत यकृतानं हात टेकले.

दुसऱ्या अल्बमचं काम तेव्हाच चालू होतं. नऊ गाणी झाली होती. रेकॉर्डिस्ट म्हणाला, "लोक विचारतात, त्या भावाचं पुढे काय झालं?" तिनं दहावं लिहिलं. त्यात दादापेक्षा तीच जास्त होती: सगळं माहीत असून गप्प बसलेली बहीण. एका दमात ते रेकॉर्ड झालं.

या वेळी ती आधी हॉस्पिटलात दादाकडे गेली. दुपारची वेळ होती, वॉर्डात फरशी पुसणं चाललं होतं. तिनं त्याच्या कानांवर हेडफोन चढवले. त्यानं डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं.

"चांगलं झालंय," तो म्हणाला. हेडफोन काढून तिच्या हातात दिले. "हे ऐकून लोक तुला जवळ घेतील. मी मात्र पुन्हा तोच, जिन्यात पडलेला."

"नको काढू?"

"नको."

खिडकीशी उभी असलेली वहिनी वळली. "या वेळी विचारलंत, वन्सं. मेहरबानी झाली."

पुढच्याच आठवड्यात दादा गेला. अल्बम नऊ गाण्यांचाच निघाला. पहिल्यासारखी धार नाही, असं एकानं लिहिलं. बाकीच्यांनी तेवढेही कष्ट घेतले नाहीत.

"दहावं आता काढू या," रेकॉर्डिस्ट म्हणाला. "हरकत घ्यायला आता आहे कोण?"

तिनं ते पुन्हा लावायला सांगितलं. इतकं चांगलं तिला आजवर काही जमलं नव्हतं. ते बाहेर यावं असं तिला मनापासून वाटलं, आणि त्या वाटण्याचीच तिला भीती वाटली.

"पुसून टाक."

"वेडी आहेस का तू?"

"माझ्यासमोर पुस."

दुसऱ्या दिवशी तिनं ते वहिनीला जाऊन सांगितलं. वहिनी दारातच उभी होती. "बरं केलंत," एवढंच म्हणाली. आत या म्हणाली नाही.

तिसरा अल्बम झाला नाही. मागच्या खोलीत आता नुसती चाकाची घरघर असते. मालकानं एकदा विचारलं, "बाई, गाणं का बंद?" तिनं हातातली काच उजेडात धरली आणि म्हणाली, "हिला ओरखडा आहे. दुसरी द्या."