मुळाचा आकडा

माझ्या थोरल्या बहिणीला, अक्काला, मी गणित शिकवलं. तिचं वाटोळं केलं असंही म्हणता येईल.

आई अंथरुणाला खिळलेली, म्हणून सातवीनंतर अक्काची शाळा सुटली आणि ती कन्नडला घरीच राहिली. मला मात्र औरंगाबादला मामांकडे ठेवून हायस्कुलात घातलं. अक्कानं हट्टानं बाहेरून मॅट्रिकचा फॉर्म भरला. वडिलांनी अट घातली, पहिल्या झटक्यात पास झालीस तर मास्तरीण हो, नाहीतर वैजापूरच्या स्थळाला होकार कळवतो. मग दर शनिवारी मी एसटीनं कन्नडला जायची आणि शाळेत शिकलेलं तिला चुलीपुढे शिकवायची. तोरा काय माझा तेव्हा!

एका शनिवारी मूळचिन्ह काढून त्या जागी अपूर्णांक घातांक लिहायचे होते. वर्गाचं घनमूळ म्हणजे घात दोन-तृतीयांश. आतला दोन वर, मुळाचा तीन खाली. मी नेमकं उलटं सांगितलं. मूळचिन्हाच्या खांद्यावर तो तीन वरच बसलेला दिसतो, म्हणून अपूर्णांकातही वरच, एवढीच माझी अक्कल. अक्का थबकली.

"नक्की का गं?"

"मग काय खोटं सांगते का?" मी फणकारले.

भाकऱ्या थापता थापता तिनं तेच घोकलं.

परीक्षेसाठी ती मामांकडे आली होती. बीजगणिताचा पेपर देऊन आली ती हसतच. "घातांकाची समदी सोडवली बघ!" पंधरा दिवसांनी माझ्या वहीतल्या त्याच गणितांवर मास्तरांनी लाल फुल्या मारल्या. ती वही मी कुणाला न दाखवता ट्रंकेच्या तळाशी दडपली.

अक्का बीजगणितात तीन मार्कांनी राहिली. तुळशीचं लग्न झालं आणि लगेच तिला वैजापूरला धाडलं. मास्तरीण मी झाले.

वीसेक वर्षांनी तिच्याकडे गेले होते. ओट्यावर बसून ती लेकीला हेच गणित शिकवत होती, अगदी बरोबर. लेक आत गेल्यावर मला राहवेना. सगळं ओकून टाकलं.

अक्का वही मिटत म्हणाली, "मला तवाच दिसलं होतं. पुस्तकात उलटं दिलं होतं. पण शाळंत तू जात होतीस ना. मला वाटलं, मलाच पुस्तक कळंना."

त्यापेक्षा तिनं माझ्या थोबाडीत मारली असती तर बरं झालं असतं.