थाळ्यांवरचे पोचे

नाहूरच्या आमच्या सोसायटीत आजही असं मानलं जातं, की व्हिएतनामहून आलेल्या पाहुण्यांची बिघडलेली वाद्यं मी दुरुस्त केली. त्याबद्दल मला शाल-श्रीफळ मिळालं, सोसायटीच्या ऑफिसात फोटोही लावलाय. ही गोष्ट अर्धी खरी आहे. उरलेली अर्धी अशी, की ती वाद्यं बिघडवलीही मीच होती. दोष गेला माझ्या मित्रावर, आणि त्याच मित्राने ती शाल माझ्या खांद्यावर घातली. मी आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचा आहे. हे लिहायला उशीरच झाला आहे.

चाळीस वर्षं माझं भांडुपला गाड्यांच्या डेंटिंगचं गॅरेज होतं. गाडीच्या पत्र्याला पोचा आला की तो असा काढायचा, की बोट फिरवलं तरी कळू नये. एवढं एक काम मला येतं, आणि त्याचा मला गर्वही होता. दुसरं येत नाही, कारण चाळीस वर्षं पत्रा ठोकून कान बरेचसे गेले. मित्र आमच्याच इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहतो. अकोल्याकडचा, पाणी खात्यातून निवृत्त झालेला, आणि जवळच्या बुद्धविहाराच्या प्रत्येक कामात पुढे. तो मला मिस्त्री म्हणतो. आमच्यात अरे-तुरेच चालतं.

करोनाच्या आधीच्या एका हिवाळ्यात शहरात लोककलांचा कुठलासा महोत्सव होता. त्यासाठी व्हिएतनामच्या डोंगराळ भागातून जराई नावाच्या जमातीचं एक पथक आलं होतं. मित्राने खटपट करून त्यांना एका रविवारी आमच्या पटांगणात यायला राजी केलं. बुद्धाला मानणाऱ्या देशातले लोक येताहेत म्हणून विहारात मोठा उत्साह होता. वाद्यं आदल्या दिवशीच टेम्पोने आली. माझं घर तळमजल्यावर, आणि बाजूच्या खोलीला भक्कम कुलूप, म्हणून पेट्या माझ्याकडे ठेवायचं ठरलं.

पेट्या आम्ही दोघांनीच उतरवल्या. शेवटची उतरवताना मित्राचा हात सटकला आणि पेटी वीतभर खाली पायरीवर टेकली. आदळली म्हणावं असंही ते नव्हतं.

"गेलं का रे काही?" त्याचा चेहरा उतरला.

"काही नाही रे. आत कापड भरलंय. जा तू, विहारात कामं पडली असतील."

तो गेल्यावर मी पेटी उघडली. काही मोडलं नाही ना, ते बघायला उघडली असं मी स्वतःला सांगितलं. खरं म्हणजे मला बघायचं होतं. आत शाळेतल्या टोलासारखे, पण पातळ आणि कडा वळवलेले पितळी रंगाचे थाळे होते. काही सपाट, काहींच्या मधोमध वाटीसारखा फुगवटा. आणि सगळ्यांवर पोचे. बारीक बारीक, नखाएवढे, एकाशेजारी एक, गोल गोल रांगांत. माझ्या मनात आलं, किती वर्षं कुणी यांच्याकडे बघितलंच नाही, बिचारी डोंगरातली माणसं, त्यांना कुठे मिळणार चांगला कारागीर.

मी ठोकायची लाकडी मोगरी काढली, मागून टेकवायचा लोखंडी ठोकळा काढला. बायको दारात आली. ती मालवणची.

"लोकांच्या वस्तूक कित्याक हात लावतास? तसांच रवांदे."

"अगं, उद्या बघतील तेव्हा खूश होतील."

दुपारभर बसून मी तीन थाळे सरळ केले. आरशासारखे. चौथ्याला हात घालणार तेवढ्यात चहा आला, म्हणून तो वाचला.

रविवारी सकाळी दहाला पाहुणे आले. बारा जण. काळ्या हातमागाच्या कपड्यांवर लाल पट्टे, आणि सगळे हसतमुख. त्यांच्यात माझ्याच वयाचा एक म्हातारा होता, काटकुळा, तोंडात चार-पाच दात. सोबत दुभाषी मुलगी होती. ती हिंदी शिकून आली होती, आणि तिची हिंदी आम्हा सगळ्यांपेक्षा शुद्ध होती. मी दारापुढच्या पायऱ्या उतरू लागलो तर म्हणाली, "महोदय, सावधान, सीढ़ियाँ गीली हैं." महोदय मला त्याआधी कुणी म्हटलं नव्हतं.

म्हातारा एकेक थाळा उचलून बोटाच्या पेराने ठोकायचा, कानाजवळ न्यायचा, खाली ठेवायचा. पाचव्या थाळ्याशी तो थांबला. पुन्हा ठोकलं. मग त्याने तो उलटा करून उजेडात धरला. त्याचे लोक जवळ सरकले.

"महोदय, क्या यह कहीं गिर गया था?" मुलीने विचारलं.

मित्र पुढे झाला. त्याने हात जोडले. "मेरे हाथ से पेटी सटकी. गलती मेरी है."

मी त्याच्यापासून हातभर अंतरावर उभा होतो, पाण्याचे पेले घेऊन. मी तोंड उघडलं. आणि म्हणालो, "पाणी घ्या."

मग मुलीने समजावून सांगितलं. हे लोक थाळे स्वतः ओतत नाहीत. खालच्या सपाटीवरच्या कारागिरांकडून आणतात. पूर्वी एकेका चांगल्या थाळ्यासाठी म्हशी द्यायचे. पण आणलेला थाळा त्यांच्या लेखी मुकाच असतो. गावातला जाणता माणूस छोट्या हातोडीने त्यावर एकेक ठिपका ठोकतो, ऐकतो, परत ठोकतो, आणि असं करत करत थाळा त्या गावाच्या आवाजात बोलायला लागतो. मी ज्यांना पोचे समजलो, तो त्यांचा आवाज होता. तीन थाळ्यांचा आवाज मी पुसून टाकला होता.

"यहाँ कोई धातु का काम जानता है?" तिने विचारलं. म्हाताऱ्याला मदतनीस हवा होता.

सगळ्यांनी माझ्याकडे बोट दाखवलं. "हे आमचे मिस्त्रीकाका. ट्रकखाली गेलेली गाडी नवरीसारखी नटवून देतात."

म्हाताऱ्याने माझा उजवा हात घेतला, उलटा-सुलटा केला, अंगठ्याखालचा घट्टा दाबून पाहिला. मग त्याने थाळ्याकडे पाहिलं, नंतर माझ्याकडे, आणि हसला. त्याला कळलं होतं. पेटी पडून पत्रा गुळगुळीत होत नाही, हे काय मला कुणी सांगायला हवं? पण तो काही बोलला नाही. दया म्हणून, की एवढं सगळं तीन भाषांतून नेणार कोण म्हणून, ते मला आजही ठाऊक नाही.

बदामाच्या झाडाखाली चटई टाकली. पुढचे तीन तास मी आयुष्यातले सर्वांत आनंदाचे म्हणतो, आणि हे म्हणायची लाजही वाटते. मी कड धरायची, त्याने अंगठ्याएवढ्या हातोडीने ठोकायचं. शेजारी त्यांच्यातली एक आजी बसली होती. ती बारीक आवाजात त्या थाळ्याचा मूळ सूर गुणगुणायची आणि तो हातोडीने तिच्या मागे मागे जायचा. जमलं नाही की ती मान हलवायची. मी बहिरट आहे हे लक्षात आल्यावर त्याने थाळ्याची कड माझ्या बरगड्यांना टेकवली आणि ठोकलं. सूर असा छातीत शिरला, की मी दचकून दारातल्या बायकोकडे बघितलं.

सोसायटी खुर्च्या घेऊन खाली आली. बायका मटार सोलायला तिथेच बसल्या.

"काका, हळू. बॉनेट नाहीये ते."

"इन्शुरन्समध्ये बसतं का विचारा ना त्यांना."

"मिस्त्रीकाकांना आज पहिल्यांदा कुणाच्या तरी हाताखाली राबताना बघतोय."

मित्राने मोठ्या आशेने मुलीला विचारलं, की यांच्या गावात विहार केवढा आहे. उत्तर फिरून आलं, की विहार नाही. त्यांचे रक्षणकर्ते झऱ्यात असतात, जंगलात असतात, आणि जुन्या थाळ्यातही एक असतो. माझी बायको चहा घेऊन आली होती. ती म्हणाली, "म्हंजे आमच्या राखणदारासारखोच."

मित्र डोक्याला हात लावून हसला. "मिस्त्री, विहारात मी सांगून बसलोय बौद्ध येतायत, आणि हे निघाले तुझ्या सासरवाडीचे."

बायकोने माझ्यासमोर कप ठेवला आणि कानाशी वाकून म्हणाली, "ठोका आता. नीट ठोका."

चार वाजता कार्यक्रम सुरू झाला. एका माणसाच्या हाती एकच थाळा, आणि एका थाळ्यात एकच सूर, त्यामुळे पूर्ण गाणं कुणाकडेच नसतं. ते रिंगणात माणसामाणसांतून फिरत राहतं. एकजण चुकला तर तिथे भोक पडतं. त्या दिवशी कुठेच पडलं नाही. रिंगण आपल्या प्रदक्षिणेच्या उलट दिशेने फिरतं. त्यांच्या बायकांनी आमच्या बायकांपुढे हात केले, तेव्हा थोडी कुजबुज झाली, की उलटं कसं फिरायचं. दुसऱ्या मजल्यावरच्या आजी म्हणाल्या, "आपण काय देवळात आहोत? चल गं." आणि त्यांनीच पहिला हात धरला. बघता बघता अख्खं पटांगण फिरू लागलं. मित्र पांढऱ्या कपड्यांत, पावलं चुकवत, पुढच्याच्या टाचेवर पाय देत, लहान मुलासारखा हसत होता.

मग माईक आला. मित्र म्हणाला, "माझ्या हातून झालेली चूक माझ्या मित्राच्या हातांनी निस्तरली." आणि शाल. मी मान खाली घातली. लोकांना वाटलं, विनय.

पाहुणे गेले. थट्टा मात्र राहिली. सोसायटीत कपाट हलवायचं असो की मांडवाचा बांबू, कुणीतरी मित्राला म्हणायचंच, "काका, तुम्ही नको, तुम्ही फक्त टाळ्या वाजवा." मित्रही हसायचा. पण बुद्धपौर्णिमा आली तेव्हा तो हसत नव्हता. मिरवणुकीत पंचधातूची मूर्ती वीस वर्षं त्यानेच हातांवर धरून नेली होती. त्या वर्षी त्याने ती तरुणांच्या हाती दिली. "हातांचा भरवसा राहिला नाही रे," एवढंच तो मला म्हणाला. त्यानंतर त्याने मूर्तीला हात लावला नाही. दर बुद्धपौर्णिमेला बायको मला विचारायची, "सांगलास काय तेंका?" मी म्हणायचो, सांगतो.

या वर्षी पौर्णिमेच्या दोन दिवस आधी सकाळी मित्र आणि मी बागेतल्या बाकावर बसलो होतो. मूर्ती कुणी धरायची यावर तो बोलत होता. मी मध्येच सगळं सांगून टाकलं.

तो माझ्याकडे वळला.

"किती थाळे?"

"तीन."

"आणि मी हात जोडले, तेव्हा तू तिथेच होतास."

"होतो."

"पाणी देत होतास."

"हो."

"म्हणजे पेटीने काहीच झालं नव्हतं."

"काहीच नाही. वीतभर टेकली फक्त."

त्याने आपले दोन्ही हात गुडघ्यांवर उताणे ठेवले आणि त्यांच्याकडे पाहिलं. मग शांतपणे म्हणाला, "मिस्त्री, तू फार हलकट माणूस आहेस रे."

"आहे."

तो उठून गेला. दोन दिवस त्याने फोन उचलला नाही. मी तिसऱ्या मजल्यावर गेलो तर वहिनींनी दार उघडलं, आणि तो आत असून नाही म्हणाल्या. त्यांना खोटं बोलता येत नाही, त्यांनी नजर जमिनीकडे वळवली.

पौर्णिमेच्या दिवशी सकाळी त्याचा फोन आला. "पांढरा सदरा घाल आणि खाली ये. आणि हे सगळं लिहून काढायचं, सोसायटीच्या बोर्डावर लावायचं. बोललेलं लोक विसरतात."

विहारात तरुण पोरं मूर्तीभोवती उभी होती. तो त्यांच्यामधून पुढे गेला, वाकला, नमस्कार केला आणि मूर्ती उचलली. पोरं धावली. वहिनी "अहो, अहो" करत होत्या. तो कुणाकडेही बघत नव्हता.

"मिस्त्री, पुढे चल," तो मला म्हणाला. "रस्त्यातले खड्डे सांग. बुजवायला मात्र जाऊ नकोस."

मी पुढे चाललो, अधूनमधून वळून बघत. त्याच्या दंडांना कापरं भरलं होतं, पण मूर्ती सरळ होती. पहिल्या वळणावर एका पोराने हात पुढे केले. "काका, द्या आता."

"अजून एक गल्ली," तो म्हणाला. पुढच्या गल्लीतही तेच म्हणाला, आणि त्याच्या पुढच्याही.