हे घर माझे नव्हे

गल्लीत त्याला सगळे तपासनीस म्हणायचे. बससेवेत तिकीट तपासण्यात त्याने बत्तीस वर्षं काढली, आणि निवृत्त होऊन चौदा वर्षं झाली तरी त्याची तपासणी काही थांबली नव्हती. शर्टाच्या खिशाला लाल पेन लावल्याशिवाय तो दारात दूध घ्यायलाही यायचा नाही. पिशवी गळकी निघाली तर पिशवीवरच तारीख घालून, सही ठोकून परत करायचा. दूधवाला बिचारा ती सही बघत उभा राहायचा.

नोकरीत त्याने कुणालाही सोडलं नाही, आणि हा मोठेपणा तो येईल त्याच्या पुढ्यात ओतायचा. एक गोष्ट तर हमखास. कुणी म्हातारा दवाखान्यात निघाला होता. हातात तिकीट होतं, पण आधीच्या बसचं. ती वाटेत बंद पडली म्हणून तो या बसमध्ये चढला होता. "मी म्हटलं, आजोबा, तिकीट खरं आहे, पण या गाडीचं नाही. दंड भरा, नाहीतर उतरा!" म्हाताऱ्याकडे दंडाचे पैसे नव्हते. तपासनिसाने घंटी मारली आणि त्याला भर उन्हात पुलावर उतरवला. इथे गोष्ट संपायची आणि तो स्वतःच खो खो हसायचा. त्याची बायको तेवढ्यात काहीतरी निमित्त काढून आत निघून जायची.

आणि घरपट्टी! घरपट्टीचं नाव काढायचा अवकाश, की माणूस खुर्चीत सरसावून बसायचा. "अहो, सोपं आहे. घराचं क्षेत्रफळ घ्या, दराने गुणा, घर जुनं असेल तर त्याची सूट वजा करा, राहायचं आहे की दुकान आहे ते बघा, झाली पट्टी. पहिल्या महिन्यात भरली तर पाच टक्के माफ. यात न कळण्यासारखं काय आहे?" वर्ष सुरू झालं की पहिल्या दिवशी, पालिकेचं कार्यालय उघडायच्या आधी तासभर, तो घडीचं स्टूल घेऊन तीन नंबरच्या खिडकीसमोर हजर. वर्षाची पहिली पावती त्याचीच. या पावत्या त्याने एका तारेत ओवून बाहेरच्या खोलीत, दाराजवळच्या खिळ्याला टांगल्या होत्या. आत येणाऱ्याच्या खांद्याला त्या लागल्याच पाहिजेत, अशा.

आता गंमत ऐका. या एवढ्या हुशार माणसाने लागोपाठ अकरा वर्षं दुसऱ्याच घराची पट्टी भरली.

झालं असं, की बारा वर्षांपूर्वी पालिकेने सगळ्या घरांची नव्याने मोजणी केली आणि नवे नंबर दिले. तपासनिसाचं घर तोवर दोनशे चौदा होतं. ते झालं दोनशे सतरा, आणि दोनशे चौदा गेला शेजारच्या गॅरेजवाल्याकडे. माणसं येऊन दारावर पत्र्याची नवी चकती ठोकून गेली. तपासनीस बाहेरून आला, चकती बघितली आणि त्याचं डोकंच फिरलं. "गाढवं कुठली! नंबर नीट बघून ठोकता येत नाही!" त्याने पक्कड आणली, चकती उपटली आणि टपालाने पालिकेला परत पाठवून दिली. वर लाल पेनने चिठ्ठी.

कुणालाही वाटेल, खिडकीवर तरी हे कळलं असतं. पण खिडकीवरची रीत निराळी. तिथे बिल कुणी बघत नाही. "जुनी पावती दाखवा," म्हणतात, तिच्यावरचा नंबर यंत्रात घालतात, आकडा सांगतात, पैसे घेतात. पावतीवर नाव छापलं जातं ते पैसे भरणाऱ्याचं. म्हणजे दोनशे चौदाची जुनी पावती दाखवायची आणि दोनशे चौदाची नवी घ्यायची, खाली आपलं नाव झळकतंय, मग काय हवं? नव्या मोजणीनंतरच्या पहिल्याच वर्षी रक्कम दीडपट निघाली, कारण गॅरेजवाल्याचं घर दुमजली. तेव्हा तरी शंका यावी की नाही? छे! तपासनीस घरी येऊन टेप घेऊन घर मोजत बसला. हिशेब जुळेना, म्हणून त्याने ओटा धरला, जिना धरला, शेवटी गच्चीवरची पाण्याची टाकीसुद्धा धरली, तेव्हा कुठे आकडा जवळपास आला. मग जो कुणी पट्टी वाढली म्हणून कुरकुर करेल त्याला तो झापायला लागला, की शहर काय फुकट चालतं का.

आणि खरं बिल? ते इमानेइतबारे दरवर्षी त्याच्याच दारात यायचं. नंबर दोनशे सतरा, नावाच्या जागी नुसतं 'धारक'. तपासनीस त्यावर आडवं लिहायचा, "हे घर माझे नव्हे." खाली सही, तारीख. बिल परत.

दोन माणसांनी त्याला सांगायचा प्रयत्न केला होता. पहिली त्याची बायको. "अहो, बिल नेमकं आपल्याच दारात कसं येतं दरवेळी? एकदा विचारून तरी बघा." नेमका तेव्हा तिचा भाऊ घरी आला होता. तपासनीस भावाकडे बघून हसला. "ऐकलंत? सातवी शिकलेली बाई तपासनिसाला नंबर शिकवतेय. जा, चहा टाक." ती गेली आणि तिने चहा टाकला. त्यानंतर तिने तो विषय पुन्हा काढला नाही.

दुसरा गॅरेजवाला. तो आपली पट्टी भरायला गेला तर खिडकीवरचा म्हणाला, तुमची भरली आहे. दुसऱ्या वर्षीही तेच. सरळ माणूस तो, त्याने चौकशी केली, आणि हातातलं काम टाकून चौकात चहाच्या टपरीवर तपासनिसाला गाठलं. "काका, पट्टीत काहीतरी घोळ..." एवढंच म्हणाला असेल. तपासनीस कडाडला, "तू मला पट्टी शिकवणार? दोन वर्षांत कधी रांगेत दिसलास? बुडव्या! शहर बुडवतायत तुझ्यासारखे, बुडव्या लेकाचा!" टपरीवरची सगळी माणसं हसली. गॅरेजवाल्याचे कान लाल झाले, ग्रीसचे हात पुसत तो परत गेला. तेव्हापासून गल्लीतली पोरंही त्याला बुडव्या म्हणायला लागली.

अशी अकरा वर्षं गेली. तपासनिसाच्या बायकोचे दोन्ही गुडघे गेले. जमिनीवर बसली की उठताना भिंत लागायची, आणि उठताना तिच्या तोंडून जो आवाज निघायचा तो शेजारच्या घरात ऐकू जायचा. डॉक्टर म्हणाले, गुडघे बदलावे लागतील, नाहीतर दोन वर्षांत खाटेवर. त्यासाठी बँकेत एक मुदत ठेव होती, दोघांच्या नावावर. घरात तिला 'गुडघ्यांची ठेव' असंच म्हणत. तारीख ठरली होती. बायकोने दवाखान्यात न्यायची पिशवीसुद्धा भरून ठेवली होती, आत नवा टॉवेल होता.

आणि एका सकाळी दारावर नोटीस चिकटली. दोनशे सतरा नंबर, अकरा वर्षांची थकबाकी, व्याज, दंड. पंधरा दिवसांत न भरल्यास घराला सील.

तपासनिसाने पावत्यांची तार खिळ्यावरून काढली आणि तरातरा कार्यालयात गेला. टेबलामागे एक तरुण अधिकारी बाई होती. तिने एकेक पावती शांतपणे बघितली, यंत्रात नंबर घातला, नकाशा काढला.

"काका, पावत्या खऱ्या आहेत," ती म्हणाली. "पण या घराच्या नाहीत."

तपासनिसाच्या कानात काहीतरी घुमलं. हे वाक्य आपण कुठे ऐकलंय ते त्याला आठवेना.

"मला कुणी कळवलं नाही," तो ओरडला.

बाईने फाईल उघडून त्याच्याकडे फिरवली. आत अकरा बिलं, ओळीने लावलेली. प्रत्येकावर आडवं, लाल, ठळक अक्षर. हे घर माझे नव्हे. सही. तारीख. सगळ्यात वर तारेने बांधलेली ती पत्र्याची चकती.

"कळवलं होतं, काका. तुम्ही दरवर्षी लेखी नाकारलंत. म्हणून व्याज आम्हाला माफ करता येत नाही." मग तिला दया आली असावी. "एक वाट आहे. तुमचे पैसे दोनशे चौदाच्या खात्यावर पडून आहेत. त्या घरमालकाने संमतीपत्रावर सही केली, तर सगळी रक्कम तुमच्या खात्यावर वळवू. व्याजही जाईल. तुम्ही जास्तच भरलंय, उलट तुमचेच थोडे शिल्लक राहतील."

एक सही. बस, एवढंच! पण ती बुडव्याची.

तपासनीस काही गेला नाही. त्याने बायकोला पाठवलं. गॅरेजवाला गॅरेजच्या वर राहायचा, लोखंडी जिना, अठरा पायऱ्या. ती कठडा धरून, एकेका पायरीवर दोन्ही पाय टेकवत चढू लागली. गॅरेजवाल्याने तिला बघितलं आणि तो धावत खाली आला.

"काकू, अहो, हाक मारायची! मी आलो असतो!" त्याने तिला वर नेऊन बसवलं, पाणी दिलं. कपाटातून एक जाड पाकीट काढलं. "हे बघा. माझी पट्टी मी दरवर्षी बाजूला काढून ठेवलीय. मला माहीत होतं, हे एक दिवस निघणार. सही आत्ता करतो, पेन द्या." मग तो थांबला. "नाही. तुमच्यासाठी केली असती, काकू. पण माझ्या मुलीला शाळेत बुडव्याची म्हणतात. काकांना म्हणावं, चौकात या. त्याच टपरीवर, तितक्याच मोठ्याने 'माझं चुकलं' म्हणा. दोन शब्द. मी तिथेच सही करतो."

तिने घरी येऊन हे शब्दाला शब्द सांगितलं. "अहो, दोनच शब्द आहेत," ती म्हणाली. तिने हात जोडले. लग्नाला पंचेचाळीस वर्षं झाली होती, तिने त्याच्यापुढे कधी असे हात जोडले नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तपासनीस इस्त्रीचा शर्ट घालून चौकात गेला. दारातून चौक दिसायचा, ती तिथेच ओट्याच्या कठड्याला धरून उभी राहिली. टपरीवर माणसं होती. गॅरेजवाला कागद घेऊन आला, हात स्वच्छ धुवून आला होता. तपासनिसाने खाकरून घसा साफ केला. त्याने तोंड उघडलं. त्याला टपरीवरचा एकेक चेहरा दिसला, तेच चेहरे जे त्याला वाकून नमस्कार करायचे, पट्टीचे हिशेब विचारायचे.

"त्या दिवशी," तो मोठ्याने म्हणाला, "तू मला नीट समजावून सांगायला हवं होतंस."

गॅरेजवाल्याने कागदाची घडी घातली आणि खिशात ठेवली. तो गॅरेजकडे वळला. दारात उभ्या बाईकडे त्याने एकदा बघितलं आणि मान खाली घातली.

दुपारी तपासनिसाने बँकेचा फॉर्म आणला आणि बायकोच्या पुढे ठेवला. ठेव मोडायला दोघांच्या सह्या लागत होत्या. त्याने आपली केली होती, लाल पेनने, म्हणून बँकेने एकदा परत पाठवून निळ्याने करायला लावली होती.

"चौकात तुम्हाला दोन शब्द बोलायचे होते," ती म्हणाली.

"हा तत्त्वाचा प्रश्न आहे. तुला नाही कळायचं. सही कर, नाहीतर घर जाईल."

तिने फॉर्म पुढे ओढला आणि सही केली. सातवी शिकलेलं, गोल गोल, पोरीबाळींसारखं अक्षर. कोपऱ्यातली पिशवी तिने उघडली, आतला नवा टॉवेल काढला आणि मोरीजवळच्या दांडीवर टाकला.

पैसे भरले. व्याजासकट, दंडासकट, पै न् पै. कार्यालय उघडायच्या आधी तासभर तपासनीस स्टूल घेऊन जाऊन बसला होता, त्या दिवशी रांग नव्हती तरी. पावती घेऊन आला ती त्याने नव्या तारेत ओवली आणि खिळ्याला टांगली. जरा मागे सरून बघितली, तिरकी वाटली म्हणून सरळ केली.

"दोनशे सतरा," तो म्हणाला. "आता कुणाच्या बापाची हिंमत नाही काही बोलायची." मग त्याला एक गोष्ट बोचली. "पण तुझीही चूक आहे हं. तुला दिसत होतं, तर तेव्हाच ठणकावून सांगायला हवं होतंस."

ती जमिनीवर बसून तांदूळ निवडत होती. तिने एक खडा वेचून बाजूला टाकला.

"जा, चहा टाक," तो म्हणाला.

तिने ताट बाजूला सारलं. एक हात जमिनीवर टेकवला, दुसरा भिंतीवर. पहिल्यांदा उठता आलं नाही. दुसऱ्यांदाही नाही. तो खुर्चीत बसून वाट बघत होता, आणि त्याची नजर पावतीवर होती.