मास्तर बैलांशी बोलले तेव्हा

नऊ वर्षं मी एका पुरुषाची बायको होतो. स्टेजवर. आमच्या झाडीपट्टीत धान निघालं, मळणी झाली, की गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा भरायची, शंकरपट व्हायचे, बैल धावायचे आणि त्याला लागून नाटकं व्हायची. बाया तेव्हा नाटकात उभ्या राहत नसत. मी गोरा, बारीक आणि कमरेत लवचीक, म्हणून मिसरूड फुटायच्या आत मला लुगडं नेसवण्यात आलं. माझे नवरे म्हणजे आमच्या मंडळाचे मास्तर. हिरोही तेच आणि शिकवणारेही तेच. वैनगंगेच्या दोन्ही काठांना त्यांच्या आवाजाची कीर्ती होती. मास्तरांच्या खऱ्या बायकोला आम्ही सगळे बाई म्हणायचो. मी दारात दिसलो, की त्या आतूनच ओरडायच्या, "या, सवतबाई, या! चहा पेता का?"

पुढे माझी दाढी पावडरीला दाद देईनाशी झाली आणि माझा संसार मोडला. मी कोल्हापूरला जाऊन एका फिल्म कंपनीत चिकटलो. तिथं वर्षभरात मी दोन चित्रपटांत काम केलं. एकात मी शिपाई होतो आणि पाठमोरा होतो. दुसऱ्यात तोंड दिसलं, पण ते कटोऱ्यातून पाणी पिताना, म्हणजे कटोराच जास्त दिसला. एवढं मात्र झालं, की काम नसलं की मी कॅमेऱ्यापाशी जाऊन उभा राहायचो आणि हाकलेपर्यंत हलायचो नाही. तिथंच डोक्यात किडा शिरला, की आपणही एक चित्रपट काढावा. आपल्या गावात, आपल्या माणसांचा. तिथल्या एका भल्या माणसाने वापरून उरलेले कोऱ्या फिल्मचे तुकडे आणि एकच पुरा भरलेला डबा मला दिला. ते ट्रंकेत घालून मी नागभीडच्या छोट्या गाडीने घरी आलो.

आलो तो थेट मास्तरांकडे गेलो. या खेपेला आतून सवतबाईची हाक आली नाही. मास्तर भिंतीकडे तोंड करून बसले होते. मागच्या मोसमात त्यांचा आवाज बसला तो बसलाच. नागपूरच्या डॉक्टरने सांगितलं, की आता एवढाच राहील. फाटक्या पिशवीतून हवा निघावी तसा. मंडळाने दुसरा हिरो आणला होता. त्यात मंडळाचं काही चुकलं असं मी म्हणत नाही, पण मला राग आला आणि अजूनही येतो.

बाई मला अंगणात घेऊन गेल्या. "बोलत नाई, जेवत नाई," त्या म्हणाल्या. "आरशात पाहून राह्यले नाई म्हून दाढीबी करत नाई. तुह्याकडं काई काम असन तं दे बापा त्यायले. नाई तं हा मानूस असाच बसल्या बसल्या सरून जाईन."

मी हसलो. त्या चिडल्या. पण माझं हसू खरंच आवरत नव्हतं, कारण माझ्या चित्रपटाला आवाजच नव्हता! आवाज टिपायचं यंत्र मला कोण देणार? माझा बेत असा होता, की मुका चित्रपट काढायचा आणि दाखवताना पडद्याच्या बाजूला उभं राहून आपणच सगळं बोलायचं. असा चित्रपट काढणाऱ्याला आवाज गेलेला हिरो म्हणजे देवानेच पाठवलेला म्हणायचा.

गोष्ट साधी होती. एक म्हातारा धुरकरी, म्हणजे पटात बैलजोडी हाकणारा. त्याचे बैलही म्हातारे. गाव म्हणतं, आता सोड. तो एकदा शेवटचा पट धावतो आणि जिंकतो. मास्तरांनी सगळं ऐकलं, उठले आणि वस्तरा शोधू लागले.

कॅमेरा नागपूरच्या एका फोटोवाल्याचा होता. जुना, हाताने दांडा फिरवायचा. तो स्वतःच घेऊन आला, कारण कॅमेरा तो बायकोच्याही हाती देत नसे. पट आम्ही खऱ्या पटातच टिपून घेतला. खऱ्या धुरकऱ्याला मास्तरांचं मुंडासं घातलं आणि लांबून धुरळाच जास्त दाखवला. बारीकसारीक प्रसंग तुकड्यांवर भागवले. उरला तो भरलेला डबा. त्यावर दोन प्रसंग घ्यायचे होते. पटाआधी मास्तर बैलांशी बोलतात तो, आणि शेवटचा, जिंकून आल्यावर गाव त्यांना ओवाळतं तो.

त्या दिवशी सकाळी तणसाच्या, म्हणजे धानाच्या पेंढ्याच्या ढिगाजवळ बैल उभे केले. सावली उजळायला गावातल्या न्हाव्याचा मोठा आरसा आणला होता. सगळा गाव पाहायला लोटला. झाडांवर माणसं, बैलबंड्यांवर माणसं. दुसरा एखादा दिग्दर्शक असता तर त्यांना हाकललं असतं. मी त्यांना बसायला जागा करून दिली, कारण प्रेक्षकांशिवाय मास्तरांना सुचायचं नाही हे मला ठाऊक होतं. फोटोवाल्याला बजावलं, "मी थांब म्हणेपर्यंत दांडा थांबवायचा नाही."

मास्तरांनी बैलांच्या गळ्यात हात टाकला आणि बोलायला लागले. आवाज दहा हातांवर पोचत नव्हता, पण हात, मान, डोळे सगळं पूर्वीचंच. बायांनी पदर डोळ्यांना लावले. संपलं, आणि बंडीवरून कोणीतरी ओरडलं, "वन्स मोअर!"

आता हे बाहेरच्या माणसाला समजावून सांगणं कठीण आहे. आमच्याकडे वन्स मोअर आला, की नट तो प्रवेश पुन्हा करणारच. मेलेला राजा उठून पुन्हा मरतो. वन्स मोअर नाकारणं म्हणजे जेवायला वाढलेलं पान लाथाडणं. मास्तर कॅमेरा विसरले. वर्षभराने ती आरोळी त्यांच्या कानावर पडली होती. ते लोकांकडे वळले, मुंडासं काढलं, हात जोडले, कितीतरी वेळ तसेच उभे राहिले. मग मुंडासं पुन्हा डोक्यावर ठेवून बैलांकडे गेले आणि पहिल्यापासून सुरू झाले.

आणि मी? मी थांब म्हणायला हवं होतं. तोंड उघडलंही होतं. पण ज्यांनी मला चालायला, बसायला, रडायला शिकवलं, त्यांना भर गर्दीत थांब म्हणायची माझी छाती झाली नाही. खरं सांगायचं तर मला थांबवायचंही नव्हतं. फोटोवाला हुकमाचा बंदा, तो दांडा फिरवत राहिला. दुसऱ्यांदा संपलं तेव्हा कॅमेऱ्यातून फटफट असा रिकामा आवाज आला.

फिल्म संपली होती. शेवटचा प्रसंग गेला. पुन्हा कच्ची फिल्म मिळायची आशा नव्हती. लोक टाळ्या वाजवत होते आणि मी न्हाव्याच्या आरशात माझं पडलेलं तोंड बघत होतो. मास्तरांना कळायला थोडा वेळ लागला. कळल्यावर ते खाली तणसातच बसले. "मी बुडवलं तुले," एवढं म्हणाले. दुसऱ्या दिवशी मी गेलो तर पुन्हा भिंतीकडे तोंड. बाईंनी मला दारातूनच खूण केली, की आज नको.

फिल्म धुवायला मुंबईला पाठवली. महिन्याने ती परत आली. मी ती खिडकीत धरून एकेक चौकट पाहिली. दुपारभर पाहिली. मग फोटोवाल्याकडे कात्री आणि चिकटवायचं औषध मागितलं.

दाखवण्यासाठी धानगिरणीचं गोदाम मिळालं. मंडईला आलेल्या फिरत्या टॉकीजवाल्याने यंत्र दिलं, अट एकच, की संध्याकाळच्या त्याच्या खेळाआधी संपवायचं. म्हणून भर दुपारी, खिडक्यांना पोती ठोकून आम्ही अंधार केला. आत भुशाचा वास आणि माणसांचा उकाडा. बायांना पुढे बसवलं. बाई मास्तरांना जवळजवळ ओढतच घेऊन आल्या. ते सगळ्यांच्या मागे पोत्यांच्या थप्पीवर शेला तोंडावर घेऊन बसले. चेहरा दाखवायची त्यांना लाज वाटत होती, आणि तोच चेहरा मी पुढे चादरीएवढा करून दाखवणार होतो.

यंत्र सुरू झालं. मी पडद्याच्या बाजूला उभा राहून मास्तरांचं बोलू लागलो. ओठ जुळवायला मला त्रास पडला नाही. नऊ वर्षं बायको होतो, माणूस कुठे श्वास घेतो, कुठे अडखळतो, सगळं पाठ होतं. बैलांशी बोलणं आलं, पट आला, धुरळा आला. धुरळा खाली बसला आणि त्यातून मास्तर वर आले. मुंडासं काढलेले, हात जोडलेले, कितीतरी वेळ तसेच उभे. वन्स मोअर घेताना त्यांनी लोकांना केलेला तो नमस्कार मी कापून शेवटी चिकटवला होता.

तिथं मला बोलायला काही नव्हतं. गोदामात फक्त यंत्राची खरखर. मग पुढच्या ओळीतल्या एका म्हातारीने पडद्याकडे बघून हात जोडले. मग तिच्या शेजारणीने. मग सगळी ओळ. इतका आनंद मला त्याआधी कधी झाला नव्हता आणि त्यानंतर चित्रपट काढण्यात उभा जन्म गेला तरी तेवढा झाला नाही.

पोती काढली, ऊन आत आलं. लोक मास्तरांभोवती गोळा झाले. त्यांच्यातून वाट काढत ते माझ्याकडे आले. मागे बाई. मास्तरांचा चेहरा नेहमीसारखा कडक होता.

"बैलाचा प्रवेश दुसऱ्या वेळचा लावला ना तू?" त्यांनी त्या फाटक्या आवाजात विचारलं.

"हाव, मास्तर."

"पयला काऊन नाई?"

आजवर मी त्यांची चूक कधी काढली नव्हती. "पयल्यांदा तुमी लोकायशी बोलले," मी म्हणालो. "दुसऱ्यांदा बैलायशी."

"मंग पयल्यांदाच मले थांबवाचं होतं ना."

"हिंमत झाली नाई, मास्तर."

"पुढच्या खेपेले थांबवजो," मास्तर म्हणाले आणि शेला खांद्यावर टाकून बाहेर लोकांत गेले.

बाई तिथंच उभ्या होत्या. "पुढच्या खेपेले म्हनते," त्या म्हणाल्या आणि पदर तोंडाला लावून हसू लागल्या. हसता हसताच त्यांचे डोळे भरून आले.