नानांची बंदूक आणि माझा पहिला खटला

माझ्या वकिलीतला पहिला खटला मी जिंकला, आणि त्यात माझा काहीही हात नव्हता.

स्वातंत्र्य येऊन थोडीच वर्षं झाली होती. यावलला राहणाऱ्या माझ्या काकांकडे, म्हणजे नानांकडे, एक ठासणीची बंदूक होती. केळीच्या बागेत रानडुकरं शिरतात म्हणून परवाना मिळालेला. त्या वर्षी मात्र त्याचं नूतनीकरण अडलं आणि बंदूक ठाण्यात जमा झाली. कारण काय, तर पाटाच्या पाण्यावरून शेजाऱ्याशी भांडताना नाना "गोळी घालीन!" असं ओरडले होते. पोलिसांनी अहवालात लिहिलं, 'अर्जदार तापट व धोकादायक.'

"बंदूक गेली तं जाऊ दे रे बापू," नाना मला म्हणाले, "पन मी धोक्याचा मानूस? गल्लीतले पोरं मले पाहून पयतात!"

त्यांचे डोळे भरून आले. माझेही आले. (काळा कोट नवा होता, म्हणून बाहीने पुसले नाहीत!)

काकूला, म्हणजे अक्काला, वेगळीच घाई. "चैत्राच्या आत बंदूक घरी आन. माह्यं काम अडलं हाये!"

बंदुकीवाचून अक्काचं काय अडतं, हे विचारायचं मला सुचलंच नाही. मी कायद्याच्या पुस्तकांत बुडालो होतो ना!

तारखेला आम्ही तिघं जळगावला मॅजिस्ट्रेटसाहेबांच्या कोर्टात हजर. मी उभा राहिलो आणि सुटलोच!

"साहेब, नानांचा बार उडाला की पार सातपुड्यापर्यंत डुकरं थरथरतात! नानांचा नेम? अचूक! नानांचा राग? विचारू नका! समोर कोणी का असेना..."

"थांबा, वकीलसाहेब," साहेब म्हणाले. "म्हणजे पोलिसांचं म्हणणं तुम्हाला मान्य आहे?"

मी मटकन खाली बसलो. नानांनी माझ्याकडे असं काही पाहिलं, की बंदूक त्यांच्या हाताशी नव्हती हे माझं नशीब!

साहेबांनी ठाण्यातून आणवलेली बंदूक बघायला मागितली. शिपायाने ती तिरपी धरली, तशी नळीतून तुरीची एक काडी सरकत बाहेर आली. काडीला काहीतरी पांढरं चिकटलेलं.

"हा कसला दारूगोळा?" साहेबांनी विचारलं.

मागून अक्काच बोलली, "शेवया हायेत त्या, साहेब! दोन खुट्यांवर बंदूक आडवी ठेवली का तिच्यावर शेवया टाकते, उन्हात झकास वायतात. बंदुकीची नयी आखूड पडते, म्हनून म्या तिच्यात काडी खोचली."

"आणि रानडुकरं?"

"त्याहिच्यासाठी मी डबा वाजवतो, साहेब," नाना मान खाली घालून म्हणाले. "बार उडाला का मले सोसत नही. छातीत धडधडते."

अख्खं कोर्ट हसलं. साहेबांनी चष्मा काढून पुसला आणि निकाल सांगून टाकला.

"या बंदुकीपासून कोणाला धोका नाही, अर्जदारापासूनही नाही. अर्जदाराला धोका आहे तो फक्त त्यांच्या वकिलांपासून. परवाना मंजूर!"

बाहेर आल्यावर नानांनी मला कवटाळलं. "धोक्याचा मानूस तूच रे बापू!" म्हणाले, आणि हसता हसता रडलेसुद्धा. मला इतकं बरं वाटलं, की टांग्यात अक्काने बंदूक माझ्या मांडीवर ठेवली तरी मी ती हसत सांभाळली.

चैत्रात तिने शेवयांचा डबा पाठवला. पाठोपाठ यावलचाच एक माणूस माझं नाव ऐकून घरी आला. माझा पहिला परका अशील! मी लगबगीने खुर्ची पुढे केली.

"बसतो," तो म्हणाला, "पन येक करा, वकीलसाहेब. माह्या भाऊबंदानं माह्यावर दावा लावला हाये. तुमी त्याचे वकील व्हा. फी मी देतो!"